पिवळ्या छत्रीच्या चुका

४ नोव्हेंबर

आजपासून पुन्हा रोजनिशी. कारण एकच, पुरावा. उद्या कोणी विचारलं की बाई, एवढं खोटं चाललं होतं तेव्हा तुम्ही काय करत होतात, तर दाखवायला काही असावं.

गेले काही महिने रोज सकाळी माझ्या गॅलरीखाली परके लोक जमतात. मध्ये एक बाई पिवळी छत्री उघडून उभी. ऊन नाही, पाऊस नाही, छत्री मात्र उघडी. जुन्या शहराची पायी फेरी म्हणे. चौक, कारंजं, दगडी कमान, घड्याळाचा मनोरा आणि शेवटी आमचं जुनं टेलिफोन एक्स्चेंज. तासाभरात सगळा इतिहास. आमच्या वेळी तासाभरात नुसती हजेरी व्हायची.

एक्स्चेंज माझ्या घरासमोरच आहे. तिथेच ऑपरेटर म्हणून लागले आणि तिथूनच सुपरवायझर म्हणून निवृत्त झाले. त्यामुळे ती काय सांगते ते मला तिसऱ्या मजल्यावरून ऐकू येतं. ऐकायची हौस नाही. कान चांगले आहेत.

ती सांगते, इथे एक ऑपरेटर मुलगी होती. ती एका खलाशाच्या आवाजाच्या प्रेमात पडली. रोज स्वतःच्या हातांनी त्याचा कॉल त्याच्या बायकोला जोडून द्यायची. एक दिवस तो आवाज आला नाही. अजूनही वारा सुटला की आतून तिचा हुंदका ऐकू येतो. मग सगळे मान वर करून गप्प उभे राहतात. एक बाई तर डोळे पुसत होती.

वारा सुटला की तिथे पत्रा वाजतो. मी तक्रार केलेली आहे.

ठराव : खाली जायचं, चूक सुधारायची, वर यायचं. एकदाच.

५ नोव्हेंबर, रविवार

गेले नाही. रविवारी कन्येचा फोन येतो, आणि ती नेमकी मी खाली असताना करणार.

दुपारी रिसीव्हर उचलून पाहिला. डायल टोन स्वच्छ. म्हणजे दोष त्या बाजूचा. संध्याकाळी पुन्हा पाहिला. स्वच्छ.

तिला म्हणावं तरी काय. जावयाची माणसं आली असतील. त्यांच्याकडे माणसं येतात.

६ नोव्हेंबर

गेले. इस्त्रीची साडी, बंद बूट.

एक्स्चेंजपाशी हुंदका यायच्या आधीच हात वर केला. कॉन्व्हेंटमध्ये सिस्टरनी एक गोष्ट पक्की शिकवली, हात वर केल्याशिवाय बोलायचं नाही आणि वर केला की बोलल्याशिवाय खाली घ्यायचा नाही. छत्रीवालीने पाहिलं आणि माझा वर केलेला हात धरून मला गटात ओढलं. म्हणाली, आजी, मागे राहू नका हं, हरवाल.

हरवेन. माझ्या घरासमोर.

मी म्हणाले, पहिली गोष्ट, मी कोणाची आजी नाही. कन्येने अजून ठरवलेलं नाही. दुसरी गोष्ट, या हॉलमध्ये कोणी कोणाच्या प्रेमात पडलं नाही, हेडसेटने केस ओढले जायचे आणि मान धरायची, प्रेमाला जागाच नव्हती. तिसरी गोष्ट, ऑपरेटर कॉल जोडतात, ऐकत नाहीत.

सगळे माझ्याकडे वळले. एका टक्कलवाल्या गृहस्थाने विचारलं, कधीच नाही? मी म्हणाले, कधीच नाही. तो म्हणाला, चुकून? मी म्हणाले, चुकून ऐकलेलं लगेच विसरायचं असा नियम होता.

(पेढीवाल्याच्या मुलाचं लग्न मोडलं ते त्याच्या आईआधी आमच्या हॉलला कळलं होतं, ते वेगळं. लाइनवर खरखर होती, म्हणून थांबावं लागलं होतं.)

लोक हसले. चांगलं हसले. टाळ्याही वाजवल्या. छत्रीवालीचा चेहरा पाहण्यासारखा झाला. काम फत्ते. आता खाली जायचं कारण नाही.

७ नोव्हेंबर

गेले. काल सुधारलेलं आज टिकलंय का, ते पाहणं भाग होतं. टिकलेलं नाही. हुंदका जागेवर. पुन्हा सुधारलं.

९ नोव्हेंबर

आता मी कमानीपासूनच सामील होते. चुका एकट्या एक्स्चेंजपुरत्या नाहीत. कारंजं राणीसाठी बांधलं म्हणाली. कारंज्यावर पाण्याच्या खात्याची पाटी आहे आणि ती वाचता येते.

मोकळ्या हवेत फिरून आलं की भूक लागते हे माझ्या लक्षात आलं. दुपारी नीट जेवले. दोघांचं होईल एवढं शिजवलं गेलं, पण शिळं मला आवडतं.

११ नोव्हेंबर

छत्रीवालीने आज फेरी सुटल्यावर मला बाजूला घेतलं. दमलेली दिसली. उन्हातान्हात खोटं बोलणं सोपं नाही. म्हणाली, मॅडम (आजीची मॅडम झाले, प्रगती आहे), तुम्ही असं करा, मध्ये मध्ये बोलू नका, एक्स्चेंजपाशी मीच तुम्हाला बोलावते, तीन मिनिटं तुमची. तुम्ही इथे काम केलंय, लोकांना आवडतं.

तिला माझी गरज आहे हे तिने कबूल केलं. एवढा मोठेपणा मला तिच्याकडून अपेक्षित नव्हता.

मी विचार करून सांगते म्हणाले. मग लगेच हो म्हणाले, तिला रात्रभर ताटकळत ठेवणं बरं नव्हे.

१२ नोव्हेंबर, रविवार

भाषण लिहिलं. आरशासमोर म्हटलं. एलोक्युशनमध्ये मला कप मिळाला होता.

फोन आला. कन्या म्हणाली, आई, दिवसभर करतेस काय? मी म्हणाले, मला वेळ नसतो. पर्यटन क्षेत्रात आहे. ती हसली नाही. मग म्हणाली, बरं आहे ना सगळं? मी म्हणाले, उद्या माझं भाषण आहे. ती म्हणाली, कुठे? मी म्हणाले, एक्स्चेंजसमोर. तिकडून दाराची घंटा ऐकू आली आणि ती म्हणाली, नंतर करते हं. ट्रंक कॉलच्या दिवसांत अशी अर्धवट बोलणी मी खपवून घेतली नसती.

१३ नोव्हेंबर

उत्तम.

आधी हॉलची रचना, मग कॉर्ड आणि प्लग, मग सुपरवायझर. सुपरवायझर रबरी तळव्याचे बूट घालायची, म्हणजे मागे उभी राहिली तरी मुलींना कळायचं नाही. मी ते चालूनही दाखवलं. टक्कलवाले गृहस्थ आज नव्हते, पण त्यांच्यासारखेच दुसरे होते. एका मुलीने माझा फोटो काढला, मी चेहरा तिरपा ठेवला.

ट्रंक कॉलबद्दल सांगायला लागले तेवढ्यात छत्रीवाली मध्येच म्हणाली, तीन मिनिटं झाली, मॅडम.

आयुष्यभर हे वाक्य मी लोकांना ऐकवलं. कोणी म्हणे बाई, आई आजारी आहे, एक मिनिट. कोणी म्हणे अहो, आत्ता तर ती बोलायला लागली. मी म्हणायचे, तीन मिनिटं झाली, वाढवायची आहेत का? हे कोणी आपल्याला म्हटलं की कसं वाटतं ते आज कळलं. फार उद्धट वाक्य आहे.

मी म्हणाले, वाढवते.

१५ नोव्हेंबर

वाढवलं. लोक तल्लीन झाले होते. दोघं तर कठड्यावर बसले. आज मनोरा शेवटी ठेवला होता म्हणे, तो बंद व्हायच्या आत वर चढायचं त्यांचं राहिलं. मनोऱ्यावर काय आहे? घड्याळाची पाठ.

एक बाई छत्रीवालीला जरा जोरात काहीतरी बोलत होती. पैसे कशाचे, असं काहीसं. मी ऐकलं नाही.

१६ नोव्हेंबर

छत्रीवाली फेरीच्या आधी माझ्या दाराशी आली. पहिल्यांदाच कोणीतरी तिन्ही जिने चढून आलं, गॅसवाला सोडून. मी खुर्ची दिली. ती बसली नाही. छत्री मिटलेली होती, छत्रीशिवाय ती अगदीच साधी दिसते.

म्हणाली, मॅडम, उद्यापासून नको. कंपनीकडे तक्रार गेलीय. माझी नोकरी आहे हो. घरी दोन पोरं आहेत.

मी म्हणाले, चहा टाकते. ती म्हणाली, खाली लोक थांबलेत. मी म्हणाले, लोक थांबतात. ती म्हणाली, माझे नाही थांबत. आणि उतरली. दुसऱ्या मजल्यावरून म्हणाली, रागावू नका.

रागावायचं कशाला? तिच्या म्हणण्याचा अर्थ सरळ आहे. एका फेरीत आम्ही दोघी मावत नाही. मी स्वतंत्र व्हावं.

चहा दोन कप झाला होता. प्यायले.

१७ नोव्हेंबर

ठराव : स्वतःची फेरी. सत्य, शिस्त आणि शुद्ध उच्चार. हुंदके नाहीत. विनामूल्य. छत्रीवालीच्या आधी अर्धा तास, म्हणजे लोकांना आधी खरं कळेल आणि मग खोटं ऐकायचं की नाही ते त्यांनी ठरवावं.

इमारतीच्या दारावर पाटी लावली. इंग्रजीत आणि आपल्या भाषेत, दोन्ही माझ्या अक्षरात. अक्षर अजून वळणदार आहे.

तळमजल्यावरच्या शिंप्याने पाटी वाचली. म्हणाला, बाई, कोण येणार? मी म्हणाले, गर्दी झाली तर तुमच्या दुकानापुढे उभे राहतील, चालेल ना? तो म्हणाला, चालेल, तेवढीच दुकानाला शोभा. शिंप्यांच्या तोंडाला सुईसारखं टोक असतं.

१८ नोव्हेंबर

पहिली फेरी. प्रतिसाद चांगला. दोन जण.

नवरा-बायको होते. पाटीखाली उभे होते. मी सुरुवात केली तसा नवरा म्हणाला, इथे जवळपास टॉयलेट आहे का? मी त्यांना वर घेऊन आले. आधी ती गेली, मग तो. तेवढ्या वेळात मी दिवाणखान्याच्या खिडकीतून एक्स्चेंजचा दर्शनी भाग समजावून सांगितला. बायको म्हणाली, घर छान ठेवलंय तुम्ही. म्हणाली, एकट्याच राहता? मी म्हणाले, सध्या.

दोघांनी पाणी प्यायलं, खाली उतरले आणि पिवळ्या छत्रीकडे गेले. म्हणजे आधी खरं ऐकून मग खोटं ऐकायला गेले. योजनेप्रमाणेच झालं.

१९ नोव्हेंबर, रविवार

फेरीला एक गृहस्थ होते. कमानीपर्यंत माझ्याबरोबर चालले, सगळं ऐकत होते, मान हलवत होते. कमानीपाशी त्यांची बस आली.

फोन नाही. डायल टोन स्वच्छ.

२१ नोव्हेंबर

कोणी नाही. तरी फेरी पूर्ण केली. वक्तशीरपणा श्रोत्यांवर अवलंबून नसतो. एक्स्चेंजपाशी बोलताना शिंपी गळ्यात टेप घालून बाहेर आला आणि दाराशी टेकून उभा राहिला. मी त्याला उद्देशून बोलायला लागले. तो म्हणाला, बाई, मी याच गल्लीत जन्मलो, मला काय दाखवता? मी म्हणाले, जन्मणं वेगळं आणि माहिती असणं वेगळं. तो म्हणाला, ते खरं. आणि शेवटपर्यंत उभा राहिला. मग म्हणाला, तुमच्या ब्लाउजची बाही उसवलीय, संध्याकाळी देऊन टाका.

बाही उसवलेली होती. त्याला माझ्या भाषणातलं काही लक्षात राहिलं असेल असं वाटत नाही.

२३ नोव्हेंबर, सकाळी

काहीतरी चुकतंय. साडेनऊ झाले, गॅलरीखाली कोणी नाही.

२३ नोव्हेंबर, दुपारी

शिंप्याकडून कळलं. छत्रीवालीने जमायची जागा बदलली. आता चौकाच्या पलीकडे, कमानीच्या बाहेर जमतात, आणि एक्स्चेंज लांबूनच दाखवतात. रस्त्याच्या त्या टोकावरून. शिंपी म्हणाला, त्यांनाही पोट आहे. मी म्हणाले, मी काही म्हटलंय का?

विजय म्हणायला हवा. माझ्या तपासणीला घाबरून आख्खी फेरी हलली.

२४ नोव्हेंबर

सकाळी गॅलरीत बसले. चौक अगदी शांत आहे. इतका शांत की कारंज्याचं पाणी ऐकू येतं. राणीसाठी नसलेलं.

इतकी वर्षं याच शांततेत राहिले आणि ती कधी लक्षात आली नाही. आधीही कोणी जमत नव्हतंच खाली. पण तेव्हा जागा रिकामी दिसत नव्हती.

पाटी काढली. ऊन लागून शाई उडत होती, म्हणून.

२५ नोव्हेंबर

विचार करता लक्षात आलं की तपासणी आतूनच करायची असते. मी सुपरवायझर असताना मुलींना कळवून मागे उभी राहत नव्हते.

शेजारच्या मुलाकडून फेरीचं बुकिंग करून घेतलं. नाव आईच्या माहेरचं दिलं. तो म्हणाला, किती जण? मी म्हणाले, एक. तो म्हणाला, नक्की ना? मी म्हणाले, मुलांना एकदा सांगितलेलं कळत का नाही?

ठराव : काही झालं तरी बोलायचं नाही. फक्त नोंद घ्यायची.

२६ नोव्हेंबर, रविवार

कन्या म्हणाली, पुढच्या महिन्यात यायचं जमेलसं दिसत नाही. मी म्हणाले, बरंच झालं, मीही प्रवासात आहे. ती म्हणाली, कुठे? मी म्हणाले, गटाबरोबर. ती म्हणाली, अरे वा, कोण कोण आहेत? मी म्हणाले, अजून ओळख व्हायची आहे.

तिला बरं वाटलं. आवाजावरून कळतं.

२७ नोव्हेंबर, दुपारी

हे मी हॉटेलात बसून लिहिते आहे. क्रमाने लिहिते.

कन्येची जुनी कापडी टोपी, काळा चष्मा, खांद्याला पर्स. शिंप्याला दिसू नये म्हणून मागच्या गल्लीने गेले. कमानीबाहेर छत्रीवाली नावं विचारत होती. माझ्यापाशी आली. आईचं माहेरचं नाव सांगितलं. तिने माझ्याकडे पाहिलं, मग बुटांकडे पाहिलं. बंद बूट, तेच. म्हणाली, एकट्याच? मी मान हलवली. तिने पुढच्या माणसाला नाव विचारलं.

माझ्या शेजारी निळ्या स्वेटरवाली बाई होती, माझ्याच वयाची. लांबून आलेली. तिचे गुडघे दुखत होते, म्हणून कारंज्यापाशी तिने माझा हात धरला आणि मनोऱ्यापर्यंत सोडलाच नाही. सोडवून घेणं असभ्य दिसलं असतं. कारंजं राणीसाठी बांधलं असं छत्रीवाली म्हणाली. निळ्या स्वेटरवाली माझ्या कानात म्हणाली, आमच्या ह्यांनी मला साधा नळ दुरुस्त करून दिला नाही. मला हसू आलं. मोठ्याने आलं.

मनोऱ्यावर आम्ही दोघी चढलो नाही. खाली पायरीवर बसलो. तिने बिस्किटं काढली. म्हणाली, तुम्ही कुठल्या? मी म्हणाले, लांबची. म्हणाली, इथे पहिल्यांदाच? मी म्हणाले, हो. म्हणाली, छान आहे ना शहर? मी म्हणाले, अजून नीट पाहिलं नाही.

मग एक्स्चेंज. आज छत्रीवाली लांब थांबली नाही, सगळ्यांना थेट दारापाशी घेऊन आली. खलाशी आला, बायको आली, आवाज बंद झाला. मी दोन्ही हातांनी पर्सचा पट्टा घट्ट धरून ठेवला होता, उजवा हात फार वर यायला बघत होता. पण पुढे हुंदका आला नाही. छत्रीवाली म्हणाली, आणि या मुलींच्या मागे एक सुपरवायझर फिरायची. रबरी तळव्याचे बूट घालून. फार कडक. सगळ्या तिला टरकायच्या. ती म्हणायची, इथे कोणी काही ऐकत नाही. आणि सगळ्यात जास्त तीच ऐकायची.

सगळे हसले. निळ्या स्वेटरवाली माझ्या दंडाला धरून हसली. म्हणाली, अशी एक प्रत्येक ऑफिसात असतेच हो.

मी म्हणाले, असते.

कोणीतरी विचारलं, मग तिचं काय झालं? छत्रीवालीने माझ्याकडे पाहिलं नाही. छत्रीची काडी नीट करत म्हणाली, आहे की. इथेच कुठेतरी राहते.

मग लोकांनी मान वर करून आजूबाजूच्या गॅलऱ्यांकडे पाहिलं. मीही पाहिलं. माझ्या गॅलरीत टॉवेल वाळत होता.

फेरी संपली. टाळ्या झाल्या, मीही वाजवल्या. वर जायला जिना पाच पावलांवर होता. पण निळ्या स्वेटरवाली म्हणाली, तुम्ही कुठल्या हॉटेलात उतरलात? मी चौकातल्या कोपऱ्यावरच्या हॉटेलाचं नाव सांगितलं, तेवढंच दिसत होतं. ती म्हणाली, चला, तुम्हाला सोडते आणि मग माझी टॅक्सी बघते. मी नको म्हणाले. ती म्हणाली, अहो, एकट्या बाईमाणसाला परक्या गावात असं सोडून जायचं का?

दारापर्यंत आली. म्हणाली, आत जा, मग मी निघते. काचेबाहेर उभी राहून हात हलवत राहिली. टॅक्सी लवकर मिळेना. म्हणून मला काउंटरवर जावं लागलं. तिथल्या माणसाने विचारलं, रूम हवी आहे का? मी म्हणाले, बघते. तो म्हणाला, चेक-इन दोनला असतं, तोवर बसा हवं तर.

टॅक्सी मिळाली तिला. केव्हाच गेली.

इथल्या खुर्च्या बऱ्या आहेत. येणारी-जाणारी माणसं दिसतात. आत्ताच एका बाईने विचारलं, तुम्हीही वाट पाहताय का? मी म्हणाले, हो, दोनपर्यंत. ती शेजारी बसली.